दक्षिणावर्ती शंख आणि झाडावरची गोगलगाय

(काशीतील मराठी श्रोत्यांसमोर दिलेल्या स्मृतिव्याख्यानाचा मुद्रित पाठ)



काशीत दिशेला मोल आहे. पंचक्रोशीची यात्रा मणिकर्णिकेवरून निघते, कर्दमेश्वर, भीमचंडी, रामेश्वर, शिवपूर आणि कपिलधारा असे मुक्काम घेत पुन्हा मणिकर्णिकेवर येते, आणि या साऱ्या वाटेत क्षेत्र यात्रेकरूच्या उजव्या हाताला राहते. सारनाथला धामेक स्तूपाभोवती फिरणारे भिक्षूही स्तूप उजवीकडे ठेवूनच फिरतात. ज्या शहरात चालण्याचीसुद्धा दिशा ठरलेली आहे, तिथे उजवीकडे वळणाऱ्या शंखाला साध्या शंखापेक्षा वेगळा मान मिळावा, यात नवल नाही. दशाश्वमेधाकडे जाणाऱ्या रस्त्यावर आणि विश्वनाथ गल्लीत पूजासाहित्याच्या दुकानांत नेहमीचा शंख काही शे रुपयांना मिळतो. दक्षिणावर्ती म्हणून दाखवला जाणारा शंख मात्र कपाटातून, कापडात गुंडाळलेला बाहेर येतो आणि त्याची किंमत हजारांत, प्रसंगी लाखांत सांगितली जाते. आजचे व्याख्यान या फरकाविषयी आहे. वळणाची ही दिशा शंखाचा अंगभूत गुण नाही, असे मला मांडायचे आहे. त्या प्राण्याच्या भोवती त्याच्या जातीचे जे इतर प्राणी राहतात, त्यांच्याशी असलेल्या नात्यातून तिला दुर्मीळपणा येतो. हे समुद्रातल्या शंखाकडे पाहून कळणे कठीण आहे. ते उत्तम कळते ते उष्ण कटिबंधातल्या झाडांवर राहणाऱ्या एका गोगलगायीकडे पाहून. म्हणून शंखापासून निघून मी त्या गोगलगायीपर्यंत जाणार आहे.

आधी नावांचा घोळ मिटवून टाकू, कारण पुढचे सारे त्यावर उभे आहे. प्राणिशास्त्रज्ञ कवच हातात घेताना टोक वर करतो आणि तोंड स्वतःकडे वळवतो. तोंड उजव्या बाजूला आले तर कवच उजवे, डाव्या बाजूला आले तर डावे. आपल्या परंपरेत शंख उलटा धरतात, निमुळती नळी वर आणि टोक खाली. त्यामुळे शास्त्रज्ञाच्या चित्रात डावीकडे दिसणारे तोंड पूजेच्या चौरंगावर उजवीकडे येते. परंपरेचा दक्षिणावर्ती शंख हा शास्त्राच्या भाषेत डाव्या वळणाचा शंख आहे. दोघांपैकी कोणीही चुकत नाही, दोघे एकच वस्तू दोन टोकांकडून पाहतात. यापुढे मी ‘डावा’ आणि ‘उजवा’ हे शब्द शास्त्रज्ञाच्या अर्थाने, म्हणजे टोक वर धरून, वापरीन. नेहमीचा शंख उजवा, आणि दक्षिणावर्ती म्हणून पुजला जातो तो डावा.

हा शंख गंगेचा नाही. त्याचे शास्त्रीय नाव टर्बिनेला पायरम. मन्नारच्या आखातात, तुतिकोरीन आणि रामनाथपुरमच्या किनाऱ्याजवळ, तसेच पश्चिमेला ओखामंडळाच्या समुद्रात तो वाळूत राहतो आणि किडे खातो. काशीने या समुद्राशीही आपले नाते जोडून ठेवले आहे. त्याच ओखामंडळातल्या बेट द्वारकेला शंखोद्धार तीर्थ म्हणतात, आणि इथे खोजवाँ भागात शंकुलधारा कुंडाच्या काठी द्वारकाधीशाचे मंदिर आहे. मद्रासच्या मत्स्यखात्यात काम केलेल्या जेम्स हॉर्नेल यांनी 1914 साली या शंखावर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. त्यात शंखासाठी मारल्या जाणाऱ्या बुड्या, बंगालातले बांगड्यांचे कारागीर आणि पूजेतले स्थान या साऱ्याची नोंद आहे. पिढ्यान्‌पिढ्या पाणबुड्यांनी समुद्रातून शंख वर काढले, मोजले, गोदामांत भरले. त्या राशींतून लाखांत एखादा डावा निघे. हा दुर्मीळपणा खरा आहे, बाजाराने रचलेला नाही, आणि मी तो नाकारत नाही. प्रश्न एवढाच, की तो कशाचा दुर्मीळपणा आहे.

डाव्या वळणाचा असेल, असे उत्तर चटकन सुचते. पण ते टिकत नाही, आणि ते का टिकत नाही हे पाहायला काशीबाहेर जावे लागत नाही. गंगेच्या मैदानातल्या तळ्यांत, डबक्यांत, भाताच्या खाचरांत इंडोप्लॅनॉर्बिस एक्झस्टस नावाची गोगलगाय विपुल आहे. तिचे कवच चपटे, तपकिरी, चकतीसारखे असते. अशा सपाट कवचाला वर-खाली नसल्यामुळे वळण नुसत्या डोळ्याने लवकर ओळखू येत नाही. पण प्राणी उघडून पाहिला की त्याच्या जननेंद्रियांचे आणि श्वसनाचे द्वार डाव्या अंगाला सापडते, म्हणजे साऱ्या शरीराची मांडणीच डावी आहे. तिचे रक्त लालसर असते, कारण त्यात हिमोग्लोबिन आहे. गोगलगायींत हे थोड्याच घराण्यांत आढळते. गुरांना होणाऱ्या रक्तकृमींच्या रोगाची वाहक म्हणून पशुवैद्य तिला चांगले ओळखतात. या जातीतली प्रत्येक गोगलगाय डावी आहे. म्हणजे ज्या शहरात एका डाव्या कवचासाठी लाख रुपये मागितले जातात, त्याच्या भोवतालच्या तळ्यांत डावे प्राणी अगणित आहेत आणि त्यांच्याकडे कोणी ढुंकून पाहत नाही.

महाराष्ट्रातही हेच दिसते. पहिला पाऊस पडून दोनतीन आठवडे झाले की सह्याद्रीच्या घाटांत, कोकणातल्या बागांत, मुंबईच्या जुन्या आवारांतल्या भिंतींवर आणि झाडांच्या बुंध्यांवर अरिओफँटा लेव्हिपेस ही गोगलगाय चढताना दिसते. ओटो फ्रेडरिक म्यूलर या डॅनिश शास्त्रज्ञाने 1774 साली तिचे वर्णन केले. पातळ, बसकट कवच, आणि टोक वर धरून पाहिले की तोंड नेमके डावीकडे. तीही सगळीच्या सगळी डावी. कोकणातली मुले पावसाळ्यात हाताळतात त्या गोगलगायींत दक्षिणावर्ती कवचे भरपूर असतात, फक्त त्यांना कोणी त्या नावाने ओळखत नाही. तेव्हा डावे वळण स्वतः दुर्मीळ नाही. दुर्मीळ आहे तो उजव्यांच्या समाजात जन्मलेला एखादा डावा.

हे वळण येते कुठून? 1923 साली इंग्लंडमध्ये बॉयकॉट आणि डायव्हर यांनी तळ्यातल्या एका गोगलगायीच्या डाव्या आणि उजव्या पिढ्या वाढवून काढलेले निष्कर्ष प्रसिद्ध केले. आकडे मेंडेलच्या नियमात बसत नव्हते. डाव्या-उजव्यांच्या संकरातून कधी सारी पिल्ले एकाच बाजूची निघत, आणि अपेक्षित प्रमाण दिसे ते एक पिढी उशिरा. त्याच वर्षी अमेरिकेतल्या आल्फ्रेड स्टर्टेव्हंट यांनी या कोड्याचे उत्तर दिले. पिल्लाचे वळण त्याच्या स्वतःच्या जनुकांवर ठरत नाही, ते आईच्या जनुकांवर ठरते. आई अंड्यात जी द्रव्ये भरून ठेवते ती दिशा देऊन जातात. पिल्लाची स्वतःची जनुके वाया जात नाहीत, पण त्यांचा परिणाम त्याच्या अंगावर न दिसता त्याच्या संततीच्या अंगावर दिसतो. पुढे बॉयकॉट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी लाखो गोगलगायी वाढवून 1930 पर्यंत हे पक्के केले.

ही दिशा प्रत्यक्ष कशी ठरते हे जपानच्या रेइको कुरोदा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2009 साली दाखवले, आणि हा प्रयोग थोडा जवळून पाहण्यासारखा आहे. गोगलगायीचे अंडे फलित झाल्यावर एकाच्या दोन, दोनाच्या चार पेशी होतात. चाराच्या आठ होताना वरच्या चार लहान पेशी खालच्या चारांवर थेट उभ्या राहत नाहीत, थोड्या वळून खाचांमध्ये बसतात. उजव्या जातीत त्या एका बाजूला वळतात, डाव्यात दुसऱ्या. कुरोदांच्या चमूने सूक्ष्मदर्शकाखाली बारीक काचेच्या कांड्यांनी या पेशी उलट दिशेला ढकलल्या. एवढ्या ढकलण्याने सारे पालटले. त्या अंड्यांतून निघालेल्या गोगलगायींचे कवच, हृदय, आतडी, सारे उलट्या बाजूला होते. त्या निरोगी वाढल्या, त्यांना पिल्लेही झाली, आणि पिल्ले मात्र मूळच्याच वळणाची निघाली, कारण जनुक बदललेले नव्हते. 2016 साली नॉटिंगहॅममधल्या आणि जपानमधल्या संशोधकांनी या दिशेशी निगडित जनुक शोधले, आणि 2019 मध्ये अबे आणि कुरोदा यांनी ते जनुक निकामी करून उजव्या जातीतून डावी पिल्ले मिळवली. यातून एक गोष्ट निःसंशय ठरते. कवच तयार होण्याच्या कितीतरी आधी, हृदय धडधडू लागण्याच्याही आधी, आठ पेशींच्या अवस्थेत वळणाचा निर्णय होऊन जातो. डावे आणि उजवे शरीर एकमेकांची आरशातली प्रतिमा असतात. चुना तोच, ताकद तीच. कवचाच्या द्रव्यात किंवा गुणात त्याने काही भर पडत नाही.

मग उजव्यांच्या समाजात डावा टिकत का नाही? याचे उत्तर मीलनात आहे. बहुतेक जमिनीवरच्या गोगलगायी उभयलिंगी असतात. बसक्या कवचाच्या जातींत दोघी समोरासमोर येतात आणि दोघींची जननद्वारे मानेच्या एकाच बाजूला असल्यामुळे जुळतात. एक उजवी आणि एक डावी समोरासमोर आल्या की द्वारे विरुद्ध बाजूंना जातात. उजव्या आट्यांचा नट डाव्या आट्यांच्या बोल्टवर बसत नाही, तसे होते. एखाद्या गावी दहा हजार उजव्या आणि एक डावी असेल, तर डाव्या वळणाचा वारसा पुढे नेणे तिला जवळजवळ अशक्य होते. उलट दहा हजार डाव्या आणि एक उजवी असेल, तर हीच अवस्था उजवीची होते. अरिओफँटाच्या वस्तीत उजवे कवच तितकेच दुर्मीळ ठरेल. नियम एकच, फक्त बहुमत बदलले.

यावर एक आक्षेप घेता येतो, आणि तो वजनदार आहे. 2016 साली लंडनमध्ये कुजलेल्या पालापाचोळ्याच्या ढिगात बागेतली एक साधी गोगलगाय सापडली, ती डावी होती. नॉटिंगहॅमचे संशोधक अँगस डेव्हिसन यांनी तिचे नाव जेरेमी ठेवले आणि तिला जोडीदार हवा म्हणून लोकांना जाहीर आवाहन केले. एक डावी इप्सविचमधून आली, दुसरी मायोर्का बेटावरून. आधी त्या दोघींनीच एकमेकींशी जुळवून घेतले. अखेर 2017 मध्ये जेरेमीलाही पिल्ले झाली, छप्पन्न, आणि ती सगळी उजवी होती. त्याच वर्षी ऑक्टोबरात जेरेमी मेली. पुढे डेव्हिसन यांनी आणखी डाव्या मिळवून चार पिढ्या वाढवल्या आणि 2020 मध्ये निष्कर्ष मांडला, की या जातीतले डावेपण बहुधा जनुकातून येत नाही, ते अंड्याच्या वाढीत झालेल्या आकस्मिक चुकीतून येते. आक्षेप असा, की डावेपण नुसता अपघात असेल तर जनुक, मीलन, बहुमत ही सारी मांडणी कशासाठी? माझे उत्तर असे, की या निष्कर्षाने माझे म्हणणे अधिकच पक्के होते. डावेपण आईच्या जनुकातून आले असो की पेशी वळताना झालेल्या घसरणीतून, दोन्ही मार्गांनी ते कवचाला कोणताही गुण देत नाही. आणि दोन्ही मार्गांनी जन्मलेला प्राणी एकटा पडतो तो एकाच कारणाने, आजूबाजूला त्याच्या बाजूचे कोणी नाही म्हणून. जेरेमीला जोडीदार शोधायला जाहीर हाक द्यावी लागली, यापेक्षा स्पष्ट पुरावा दुसरा कोणता?

आता झाडावरच्या गोगलगायीकडे वळतो. ईशान्य भारतातल्या आसाम-मेघालयाच्या टेकड्यांपासून म्यानमार, थायलंड, मलेशिया ओलांडून इंडोनेशियाच्या बेटांपर्यंत अँफिड्रोमस नावाचा वंश पसरला आहे. या गोगलगायी उंच, निमुळत्या, चकचकीत कवचाच्या. रंग लिंबासारखा पिवळा, पांढरा, हिरवट, कधी तपकिरी किंवा जांभळट पट्ट्यांचा. जन्मभर त्या पानांवर आणि फांद्यांवर राहतात, शेवाळ आणि बुरशी खरवडून खातात, आणि काही जाती पाने चिकटवून त्यांच्या आत अंडी घालतात. कवचांच्या हौशी संग्राहकांना त्या शेकडो वर्षे मोह घालत आल्या, त्या रंगांमुळे. शास्त्राला त्यांचे अप्रूप वेगळ्याच गोष्टीचे आहे. या वंशातल्या पुष्कळ जातींत एकाच झाडावर, एकाच फांदीवर डाव्या आणि उजव्या गोगलगायी शेजारी शेजारी राहतात, आणि तेही लाखांत एक अशा प्रमाणात नाही. दोन्ही पक्ष भरभक्कम असतात. जगातल्या गोगलगायींच्या नव्वद टक्क्यांहून अधिक जाती उजव्या, उरलेल्यांपैकी बहुतेक पूर्ण डाव्या, आणि या दोघांच्या मध्ये अँफिड्रोमससारखे मोजकेच. आधी सांगितलेला बहुमताचा नियम खरा असेल, तर असा समाज काही पिढ्यांत एका बाजूला झुकून जायला हवा होता. तो झुकत नाही. म्हणून या गोगलगायीत माझ्या मांडणीची खरी कसोटी आहे.

मेनो स्किल्थायझेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मलेशियाच्या पूर्व किनाऱ्याजवळच्या कापास बेटावर अँफिड्रोमस इन्व्हर्सस या जातीचा अभ्यास करून 2007 साली आपले निरीक्षण प्रसिद्ध केले. त्यांनी जोड्या प्रत्यक्ष झाडावर पाहिल्या. योगायोगाने जितक्या मिश्र जोड्या जमायला हव्यात त्यापेक्षा अधिक जोड्या डाव्या-उजव्यांच्या निघाल्या. म्हणजे या गोगलगायीला विरुद्ध बाजूचा जोडीदार अधिक चालतो. हे शक्य होते ते दोन कारणांनी. पहिले कवचाच्या उंचीचे. ताकाहिरो आसामी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1998 मध्येच दाखवले होते, की उंच कवचाच्या जातींत मीलन समोरासमोर होत नाही. एक गोगलगाय दुसरीच्या कवचावर चढते, म्हणून विरुद्ध वळणाचा अडसर बराच कमी होतो. दुसरे कारण अधिक नाजूक आहे. या गोगलगायी शुक्राणू एका पिळाच्या पुरचुंडीत बांधून देतात. डाव्याची पुरचुंडी एका बाजूला पिळलेली, उजव्याची दुसऱ्या, आणि घेणाऱ्याच्या शरीरातला मार्गही पिळाचाच. विरुद्ध बाजूची पुरचुंडी त्या मार्गात अधिक नीट बसते, असे त्यांनी शरीररचनेवरून मांडले.

याचा परिणाम पाहा. एखाद्या झाडावर डाव्या कमी झाल्या, तर उरलेल्या प्रत्येक डावीला विरुद्ध बाजूचे जोडीदार मुबलक मिळतात, तिची संतती वाढते, आणि डाव्यांची संख्या सावरते. उजव्या कमी झाल्या तर तोच लाभ उजवीला. जे अल्पसंख्य ते लाभात राहते, म्हणून दोन्ही टिकतात. बसक्या गोगलगायीच्या समाजात अल्पसंख्य असणे हा शाप होता. अँफिड्रोमसच्या झाडावर तेच वरदान ठरले. वळण तेच, तीच आरशातली प्रतिमा. बदलले ते फक्त सोबत्यांशी असलेले नाते. शंखाचा डावेपणा स्वतः शुभ किंवा अशुभ, सबळ किंवा दुर्बळ असता, तर कापासच्या झाडांवर हे घडले नसते. एवढ्यावरच मी थांबलो असतो, पण आणखी एक साक्ष आहे आणि ती वेगळ्या दिशेने येते.

जपानच्या दक्षिण टोकाला इशिगाकी आणि इरिओमोते बेटांवर पॅरिआस इवासाकी नावाचा गोगलगायखाऊ साप आहे. याच वंशाचे साप आपल्या ईशान्येतही आहेत. मासाकी होसो यांनी या सापाचे जबडे तपासले, तेव्हा खालच्या जबड्यात उजवीकडे साधारण पंचवीस दात, डावीकडे अठराच्या आसपास, असा फरक निघाला. साप मागून येतो, डोके एका बाजूला कलवतो आणि कवचाच्या तोंडात जबडा घालून गोगलगाय बाहेर ओढतो. ही हत्यारे उजव्या गोगलगायींसाठी घडलेली आहेत. डावी गोगलगाय समोर आली की पकड सुटते आणि ती बहुधा वाचते. 2007 आणि 2010 साली प्रसिद्ध झालेल्या या कामात आणखी असे दिसले, की जिथे असे साप राहतात तिथे डाव्या जातींचे प्रमाण अधिक आहे. कोणी म्हणेल, हा तर डावेपणाचा अंगभूत गुण झाला, ते कवच सापापासून वाचवते. पण जिथे हा साप नाही तिथे डावी गोगलगाय हा लाभ घेऊ शकत नाही. आणि उद्या सारे भक्ष्य डावे झाले, तर डाव्यांच्या शिकारीला सोयीचे जबडे असलेले सापच फोफावतील. हा गुणही शेजाऱ्यावर अवलंबून आहे.

यावर शास्त्राची ओळख असलेला माणूस विचारेल, की तसे असेल तर जगात उजव्यांचे एवढे प्राबल्य का? दोन्ही बाजू समान असतील तर निम्म्या जाती डाव्या हव्या होत्या. प्रश्न रास्त आहे. पण प्राबल्य आणि श्रेष्ठता या दोन गोष्टी वेगळ्या. पूर्वजांत जी बाजू आधी रुजली, त्याच बाजूचे त्यांचे वंशज राहिले, कारण बहुमताचा नियम प्रत्येक पिढीत नव्या अल्पसंख्याला मागे रेटत आला. बाजू बदलणे अवघड आहे, अशक्य नाही. जिथे एखादी लहान वस्ती बाकीच्यांपासून तुटली, योगायोगाने डाव्या वाढल्या, किंवा साप आला, तिथे बाजू बदलली आणि बदललेली जात सुखाने नांदली. अरिओफँटाचे आणि इंडोप्लॅनॉर्बिसचे अस्तित्वच याचा पुरावा आहे. डावी बाजू कमकुवत असती, तर सह्याद्रीचा धुवाधार पाऊस आणि मैदानातली आटणारी तळी या दोन्हींत त्या एवढ्या भरभराटीला आल्या नसत्या.

बाजाराविषयी दोन शब्द बोललेच पाहिजेत, कारण या मांडणीचा व्यावहारिक भाग तिथे आहे. अमेरिकेच्या आग्नेय किनाऱ्यावर आणि मेक्सिकोच्या आखातात लाइटनिंग व्हेल्क नावाचा मोठा समुद्री शंख राहतो. टेक्सासने 1987 साली त्याला राज्याचा अधिकृत शंख म्हणून स्वीकारले. तो जन्मतः डावा असतो, सगळेच्या सगळे डावे, त्यामुळे त्याच्या समुद्रात त्याचे डावेपण मुळीच दुर्मीळ नाही. तोच भारतात आणून दक्षिणावर्ती शंख म्हणून विकला जातो. फरक ओळखणे सोपे आहे. कवचाच्या तोंडातून आत पाहा. मधल्या खांबावर तीनचार ठळक आडव्या वळ्या असतील, तर तो आपला टर्बिनेला. खांब गुळगुळीत असेल, तर तो व्हेल्क. बोट आत घालूनही या वळ्या हाताला लागतात. इथे एक गोष्ट लक्षात घ्यावी. फसवणूक वळणाच्या बाबतीत होत नाही. वळण दोन्हींत खरेच डावे आहे. गिऱ्हाईक दुर्मीळपणासाठी पैसे मोजते, आणि दुर्मीळपणा कवचात नसल्यामुळे तो बनावट माल पुरवून भागवता येतो.

शेवटचा आक्षेप श्रद्धेचा आहे, आणि या शहरात तो मांडायला संकोच वाटू नये. कोणी म्हणेल, विष्णूच्या हातातल्या शंखाचा हिशेब तुम्ही गोगलगायींच्या मीलनावर का बसवता? इथे पंचगंगा घाटावर बिंदुमाधवाचे, म्हणजे विष्णूचे, मंदिर आहे. आजची वास्तू औंधच्या पंतप्रतिनिधींनी बांधली, आणि तिथे नमस्कार करणाऱ्या माणसाला पेशींच्या विभाजनाशी काय देणेघेणे? हे मला मान्य आहे. दिशेला अर्थ देणे हा माणसाचा हक्क आहे. प्रदक्षिणा उजवीकडून घालावी हे निसर्गाने सांगितलेले नाही, माणसाने ठरवले आहे, आणि त्यामुळे तिचे मोल कमी होत नाही. माझा विरोध अर्थाला नाही, तो किमतीला आहे. दक्षिणावर्ती शंख घरात आला की लक्ष्मी येते, असे सांगून जो भाव लावला जातो तो कवचाच्या गुणावर उभा असल्याचे भासवतो, आणि असा गुण नाही, हे आता दाखवता येते. ज्या शंखाने दशाश्वमेधावर रोज आरतीला नाद होतो, तो साधा उजवा शंख आहे. त्याने आरतीत काही उणे राहत नाही.

आणि कवचाला लावलेल्या अशा किमतीचा भार ते कवच वाहणाऱ्या प्राण्यावर पडतो. हवाई बेटांत अकॅटिनेला एपेक्सफुल्वा नावाची झाडावरची गोगलगाय होती. 1789 साली तिचे वर्णन झाले ते जिवंत प्राण्यावरून नाही, एका माळेत ओवलेल्या कवचावरून. सुंदर कवचांसाठी त्या गोगलगायी पिढ्यान्‌पिढ्या वेचल्या गेल्या. मग 1955 मध्ये आफ्रिकी गोगलगायीचा बंदोबस्त करायला आणलेली शिकारी गोगलगाय त्यांच्यावरच तुटून पडली. त्या जातीतला शेवटचा ज्ञात जीव 1 जानेवारी 2019 रोजी प्रयोगशाळेतल्या पेटीत मेला. जॉर्ज हे त्याचे नाव, वय साधारण चौदा. त्याच्यासाठी जोडीदार शोधण्याचे सारे प्रयत्न फसले होते. माणसाने कवचाला भाव दिला, जिवंत प्राण्याच्या वस्तीला दिला नाही, याचा हा परिणाम.

म्हणून माझी विनंती इथल्या तरुण विद्यार्थ्यांना आणि महाराष्ट्रात हे वाचणाऱ्यांना आहे. पावसाळ्यात घाटात, बागेत, शाळेच्या भिंतीवर, तळ्याच्या काठी गोगलगाय दिसली, तर तिचे टोक वर आहे असे धरून तोंड कोणत्या बाजूला आहे ते पाहा. ठिकाण, तारीख, झाड आणि बाजू वहीत लिहा. शक्य असेल तर छायाचित्र काढा. मोठी आफ्रिकी गोगलगाय वेगळी नोंदवा, तिला उघड्या हाताने शिवू नका. एकाच जातीच्या वस्तीत दोन्ही बाजू एकत्र सापडल्या, तर तुमच्या जवळच्या विद्यापीठातल्या प्राणिशास्त्र विभागाला अवश्य कळवा, आणि गोगलगाय जिथे होती तिथेच राहू द्या.